ठिपकोजी आणि मिशीचे केस

संगणकांची बुद्धी बेताची होती त्या काळी एका खेळात ठिपकोजी नावाचा वीर राहत असे. त्याचा देह अवघ्या चौसष्ट चौकोनी ठिपक्यांचा. त्यांत नाकासाठी एकही उरला नव्हता. एके दिवशी तेथे सर्व बाजूंनी घडवलेला, भरदार असा विक्रांतसेन नावाचा नवा वीर आला. जो आधी दरी ओलांडील तो खेळात राहील, दुसरा पुसला जाईल, असे ठरले.

“बिननाकाचा माझ्याशी स्पर्धा करणार?” विक्रांतसेन म्हणाला. “माझ्या मिशीचा प्रत्येक केस वेगळा हलतो.”

इशारा होताच ठिपकोजी टुणकन पलीकडे पोहोचला. विक्रांतसेन मात्र काठावरच थिजला. संगणक धापा टाकीत त्याच्या मिशीचा एकेक केस जुळवीत होता.

“सावकाश या, महाराज,” ठिपकोजी अदबीने म्हणाला. “मिशी आटोपली, की संगणक पायांचे पाहील.”