अकरा दिवसांची पहाट

“चित्रपटावरचं माझं नाव ठेवू की काढू, एवढं एकच सांगा अण्णा. पाच वाजेपर्यंत मुंबईला फोन करायचाय.”

सुजय इंगवले दारातूनच बोलत होता. पायातले बूटही त्याने काढले नव्हते.

तुकाराम मिठारी, म्हणजे अण्णा, झोपाळ्यावर बसून ओल्या शेंगा सोलत होते. त्यांनी बोटाने आधी बूट दाखवले, मग खुर्ची.

सुजय बसला खरा, पण नाक फुगलेलंच होतं. सहा वर्षं अण्णांच्या हाताखाली काढून कॅमेरामन म्हणून स्वतंत्रपणे केलेला हा त्याचा पहिला चित्रपट. त्यातला त्याचा सगळ्यात लाडका शॉट दिग्दर्शकाने कापला होता. कारण काय, तर म्हणे गोष्ट अडत होती.

“अकरा दिवस पंचगंगेच्या घाटावर पहाटे उभा राहिलो अण्णा. अकराव्या दिवशी धुक्यातून होडी बाहेर आली आणि नावाड्याच्या खांद्यावर पहिलं ऊन पडलं... असा शॉट या कोल्हापुरात कुणी घेतलाय?”

“न्हाई,” अण्णा म्हणाले. “मी बी न्हाई.”

सुजय थोडा सुखावला.

“मग पडद्यावर माझं नाव कशाला? कात्रीचं घाला म्हणावं.”

अण्णा मनापासून हसले. माणूस हसरा होता आणि त्याला कारणंही भरपूर होती. कॅमेऱ्यामागच्या सत्तेचाळीस वर्षांत त्यांनी पौराणिक चित्रपटांत तारांना टांगलेले देव आकाशातून फिरवले, फडावरच्या लावण्या टिपल्या, कुस्तीच्या आखाड्यातली माती खाल्ली. आरोग्य खात्यासाठी गावोगाव हिंडून नारूच्या रोगाचा माहितीपट केला आणि एकदा तर जाहिरातीसाठी साबणाच्या फेसासमोर दोन दिवस काढले. कुठल्याच कामाला त्यांनी नाक मुरडलं नाही.

त्यातल्या बावीस चित्रपटांच्या निगेटिव्ह गोदामाच्या आगीत खाक झाल्या होत्या. एकही प्रत उरली नव्हती.

“आग लागली तेव्हा तुम्हाला वाईट वाटलं नाही?” सुजयने विचारलं. हे विचारायचं त्याच्या कितीतरी दिवस मनात होतं.

“वाटलं की. दोन दिस जेवलो न्हाई.”

“आणि मग?”

अण्णा उठले. कपाटातून जुन्या धोतरात गुंडाळलेला कॅमेरा त्यांनी काढला, टेबलावर ठेवला आणि भिंग खिडकीकडे वळवलं.

“डोळा लाव.”

सुजयने लावला.

“काय दिसतंय?”

“शेजारची जास्वंद. वर एक पाखरू बसलंय.”

अण्णांनी बाजूची कळ हाताने हळूहळू फिरवायला घेतली. जास्वंद गेली. अंधार झाला. पुन्हा जास्वंद आली. पुन्हा अंधार.

“ह्या अंधारात काय चाललंय?”

“अण्णा, हे तुम्ही मला पहिल्या महिन्यात शिकवलंत,” सुजय वैतागला. “आत आरसा फिरतो. आरसा आडवा असला की उजेड आपल्या डोळ्याला मिळतो. बाजूला झाला की फिल्मला मिळतो.”

“दोघांस्नी एकदम?”

“नाही. आपल्याला दिसतं तेव्हा फिल्म अंधारात असते. फिल्म बघते तेव्हा आपण.”

“पाठ हाय म्हणायचं.” अण्णा कळ फिरवतच होते.

“उडालं पाखरू,” सुजय म्हणाला.

“पंख पसरताना पाहिलंस?”

“हो, अगदी स्पष्ट.”

“आत फिल्म असती, तर तिच्यावर तेवढं आलं असतं?”

“नसतं आलं. मला दिसलं, म्हणजे तेव्हा फिल्म...”

सुजय थांबला. डोळा मात्र त्याने काढला नाही.

“घाटावर त्या दिवशी अशाच कॅमेऱ्याला डोळा कुणी लावला होता?”

“मीच. दुसऱ्याला हातसुद्धा लावू दिला नाही.”

“होडी बाहेर आलेली पाहिलीस?”

“पाहिली...”

“आणि खांद्यावरचं ऊन?”

“पाहिलं, अण्णा.”

 खिडकीत आता पाखरू नव्हतं, फांदी तेवढी हलत होती. सुजय कितीतरी वेळ तिच्याकडेच बघत राहिला. अण्णांनी कळ सोडली आणि ते पुन्हा शेंगांकडे वळले.

पावणेपाचला सुजयने फोन उचलला.

“इंगवले बोलतोय. नाव राहू द्या... नाही, राग कसला? राहू द्या.”

त्याने फोन ठेवला. अण्णांनी मूठभर दाणे त्याच्या हातावर ठेवले. एक तोंडात टाकून सुजय जरा लाजतच म्हणाला,

“तेवढा कापलेला तुकडा मागून घेऊ का? आठवण म्हणून?”

“कशाला?” अण्णा म्हणाले. “तू जे पाहिलंस, त्यातलं कायबी त्या तुकड्यात न्हाई.”