वस्ताद काय शिकवतो?

एडिनबरोहून कथालेखन शिकून आलेल्या शलाकाला वाटलं होतं, आपल्या वर्गात कथांवरून कडाक्याचे वाद रंगतील. पंचगंगेकाठच्या त्या कॉलेजात पोरं लिहायची, पण वाचून दाखवायची वेळ आली की माना खाली घालायची. त्यात संस्थेचे अध्यक्ष आबासाहेब, एके काळचे नामी पैलवान, सगळ्यांदेखत म्हणाले, "लेखक जन्माला यावा लागतो, बाई. शिकवून होतोय काय? पटवून द्या, न्हाईतर उद्यापासून वर्ग बंद."

शलाकानं विचारलं, "आबासाहेब, तुमच्या अंगातली रग वस्तादांनी दिली?"

"छ्या! ती आईच्या दुधातली."

"मग तालमीत वस्ताद कशाला?"

"अगं पोरी, वस्ताद आधी पडायला शिकवतोय. पडायला भ्यालेला गडी लढणार कसा?"

"माझ्या वर्गात तरी दुसरं काय चालतं? चारचौघांत कथा वाचून पडायची भीतीच तर घालवायची असते."

आबासाहेब मांडीवर थाप मारून हसले. "पाडलंस की गं मला! चालू दे तुझी तालीम."

दुसऱ्या दिवशी सकाळी शलाकाच्या मनात आलं, पोरांसमोर आपण स्वतः तर एकदाही पडलो नाही. तिनं ठरवलं, आज संपादकांनी परत पाठवलेली आपली कथा आधी वाचायची, आणि पोरांना पोटभर हसू द्यायचं.