साकळधुकं आणि शेजारणीची चूल

फार जुना काळ. गादीवर तिसरा राजा होता, त्याच्या राज्याचं अकरावं वर्ष होतं आणि पौषातली थंडी होती. लहानांनी ऐकावं. मोठ्यांनी नीट ऐकावं.

डोंगराच्या कुशीत एक गाव होतं. गावाखाली घळ होती. कधी तरी, काही वर्षांनी, त्या घळीत साकळधुकं उतरे. विरजण लागून दूध घट्ट व्हावं, तसा त्या धुक्यात काळ घट्ट होई. आत बसून एक चिलीम ओढावी, तेवढ्यात बाहेर माणसं म्हातारी होत.

धुक्यात गेलेला माणूस जिवंत आहे की मेला, हे गावाला कळावं कसं? म्हणून एक रीत होती. त्याच्या घरची चूल पेटती असेल तर तो जिवंत. चूल विझली की तो मेला. विझलेल्या घराचं नाव गावात कोणी घेत नसे, आणि त्या घरच्या माणसाला गाव खांदा देत नसे.

त्या गावात एक पाथरवट होता. एकटा, तरणा, अंगात रग असलेला. त्या वर्षी दुष्काळ पडला. विहिरी आटल्या, कणग्यांचे तळ दिसू लागले. पाथरवटाने घळीकडे पाहिलं. धुकं उतरलं होतं. हे दिवस आपण भोगायचे कशाला, असं त्याच्या मनात आलं. आत बसावं, दिवस बाहेरच्या बाहेर निघून जातील.

शेजारी दोर वळणारी एक विधवा राहत होती. तो तिच्या दारात गेला.

"वहिनी, घळीत जाऊन येतो. माझी चूल तेवढी राखा."

"धुक्यात? तिथे बायको बघून ठेवलीय का भावजी?"

"थट्टा नको. आलोच."

"तुमचं 'आलोच' तुमच्यापुरतं. इकडे माझं काय होईल?"

"मग नाही म्हणा."

शेजाऱ्याची चूल राखायला नाही म्हणणं म्हणजे त्याला आपल्या हाताने मारणं, असं ते गाव मानी. ती नाही म्हणणार नाही, हे पाथरवटाला ठाऊक होतं. ठाऊक होतं म्हणूनच तो तिच्याकडे गेला होता.

"जा," ती म्हणाली. "राखते."

धुक्यात तो एका धोंड्यावर बसला. चिलीम पेटवली. धूर वर चढेना, जागच्या जागी उभा राहिला. पाथरवटाला बरं वाटलं. चिलीम संपली तेव्हा ती झाडून तो बाहेर आला.

बाहेर रान हिरवं होतं. विहिरी भरल्या होत्या. पाणवठ्यावरच्या बाया त्याला ओळखत नव्हत्या, तोही त्यांना ओळखत नव्हता. पण त्याच्या घरातून धूर निघत होता. तो हसला आणि आत गेला.

चुलीपुढे एक म्हातारी फुंकणी घेऊन बसली होती. धुराने तिचे डोळे पांढरे पडले होते.

"कोण आहे?"

"वहिनी, मी."

"आलात? लवकर आलात."

त्याने शेजारी पाहिलं. तिथे घर नव्हतं. नुसतं जोतं होतं आणि त्यावर गवत माजलं होतं.

"तुमचं घर कुठे आहे?"

"तुमच्या चुलीत. दुष्काळात रानात काडी उरली नव्हती. आधी दार जाळलं. मग वासे. शेवटी आढं. दोन्ही चुलींना पुरेल एवढं नव्हतं, माझी विझली. तेव्हापासून गावाच्या लेखी मी मेलेली."

"माझी विझू द्यायची होती."

"आणि तुम्हाला मारायचं होतं?"

पाथरवट खाली बसला. त्याने विचारलं, "आता काय देऊ?"

"वर्षं देता येतील? नाही ना? मग मला माझ्या घरात मरायचंय. गावाचा खांदा हवाय. जमेल?"

तो गावच्या म्हाताऱ्या पाटलाकडे गेला. "माझी चूल तिला देतो. तिला जिवंत धरा."

"चूल घराची असते. ती देता येत नाही," पाटील म्हणाला. "तिच्या जोत्यावर घर उभं राहिलं आणि त्यात विस्तव पेटला, तरच ती जिवंत."

"रानातून लाकूड तोडतो."

"राजाने बंदी घातलीय. दुष्काळानंतर एकही झाड तोडायचं नाही."

"मग माझं घर उतरवतो."

"तुझी चूल विझेल. गावाच्या लेखी तू मेलास."

"ती इतकी वर्षं मेलेली आहेच की."

त्याने स्वतःच्या हाताने आढं उतरवलं. वासे काढले, दार काढलं. सगळं शेजारच्या जोत्यावर चढवलं. नव्या चुलीत विस्तव पेटला तेव्हा म्हातारीने हात पुढे करून ऊब घेतली. त्या दिवसापासून तो गावाबाहेर खाणीत राहू लागला. रानात गळून पडलेल्या काटक्यांच्या मोळ्या तेवढ्या तिच्या दारात आणून टाकी. गावात त्याचं नाव कोणी घेईना.

उन्हाळ्यात म्हातारी गेली. सगळं गाव जमलं. तिरडी उचलताना पाथरवट पुढे झाला. पाटलाने हात आडवा धरला.

"मेलेल्याने खांदा देऊ नये."

पाथरवट मागे सरला. गाव तिला घेऊन गेलं. तो उन्हात उभा राहून पाहत राहिला. फेड झाली होती.

आपण चुकवलेले दिवस दुसऱ्या कोणाला तरी भोगावे लागतात.