हाळीचं मेट

घोणगडाच्या निम्म्या डोंगरात हाळीचं मेट आहे, पंचवीस-तीस उंबऱ्यांचं. मेट म्हणजे गडाच्या वाटेवरची पहारेकऱ्यांची वस्ती. गड ओस पडला, पहारे उठले, शब्द मात्र टिकला. आता एसटीच्या पाटीवर ‘मेट फाटा’ आहे, खाली ‘हॉटेल मेट’ आहे, आणि शहरातल्या कोणा बिल्डरने सपाटीवर प्लॉट पाडून तिथेही ‘मेट हिल्स’ची पाटी ठोकलीय. पाहुण्यांना गड दाखवायला नेणारे लुमाजीबाबा गवारी ती पाटी आली की हटकून कुरकुरतात, “पाटी ठोकून मेट होत न्हाई, बाबांनो. हितं ठकूबाई बसली होती.” मग काळ्या कातळापाशी सगळ्यांना थांबवतात, वरच्या घरांकडे तोंड करून एकेकाला नाव-गाव ओरडायला लावतात. वरून बाईमाणसाचा “या वर!” असा आवाज आला, तरच पुढे पाऊल टाकू देतात.

असं सांगतात, की गड जागता होता तेव्हा चिमाजी इथला मेटकरी होता आणि ठकूबाई त्याची बायको. गडाचा हुकूम कडक. कातळापाशी कोणी आलं की वरून हाळी द्यायची, ‘कोण हाय?’ ओळख पटली नाही, तर दोराने अडवून ठेवलेले मोठाले धोंडे घळीत सोडायचे. कातळ ओलांडला की नुसती अरुंद घळ. अंग चोरायला जागा एकच, कातळाशेजारची कपार.

एका श्रावणात चिमाजी तापाने फणफणला होता म्हणे, म्हणून पहाऱ्यावर ठकूबाई बसली. भर दुपारी धुकं असं, की हातभर अंतरावरचं दिसेना. तेवढ्यात खालून पावलं वाजली. एक पाय जड, एक हलका. अगं बाई, हा तर राणू! तिचा एकुलता एक लेक, दोन वर्षांपूर्वी मोहिमेवर गेलेला. लोकांनी त्याची आशाच सोडली होती. ठकूबाईला आभाळ ठेंगणं झालं. ओठावर आलेली हाळी तिने गिळली. पोटच्या पोराला का कोणी नाव विचारतं?

पावलं कातळ ओलांडून घळीत शिरली आणि राणूचा आवाज आला, “आये, मी एकटा न्हाई! धोंडं सोड!”

गनिमांनी पाठीला कट्यार लावून त्याला पुढे घातलं होतं. आईची हाळी आली की ओरडायचं आणि कपारीत उडी घ्यायची, या भरवशावर तो कातळापाशी रेंगाळलाही होता म्हणे. हाळी आलीच नाही.

मागे मेटातली लेकरंबाळं, अंथरुणावरचा नवरा, त्यांच्याही वर गड. खाली राणू. ठकूबाईने कोयता उचलला आणि दोर तोडला.

गड वाचला. किल्लेदार ताटात साडीचोळी आणि चांदीचे तोडे घेऊन आला. “बाई, तू गड राखलास.” तिने ताटाला हातसुद्धा लावला नाही.

“गड राखला त्यो राणूनं. म्या निस्ती हाळी दिली असती, तर माझं लेकरूबी ऱ्हायलं असतं.”

मग तिने सगळ्या मेटाकडून शब्द घेतला. यापुढे हाळी बायांनी द्यायची, आणि आपल्या माणसाला आधी द्यायची.

आजही नाशकाच्या कंपनीतून सुट्टीवर आलेला पोरगा पाठीवरची बॅग सावरत कातळापाशी थांबतो. लख्ख उन्हात आई त्याला ओट्यावरून ओळखते, तिचा ऊर भरून येतो, तरी ती विचारतेच, “कोण हाय? संगं कोण?” तो नाव सांगतो, गाव सांगतो. पाहुण्यांना हसू फुटतं. लुमाजीबाबा हसत नाहीत.

“जिला पोरगं जितं पायजे,” ते म्हणतात, “ती आई इचारती.”