भैरोबाच्या घंटेतली चांदी

“आत चांदी पडणार न्हाई. सकाळधरनं सांगतीया.”

“आणि मी सकाळधरनं ऐकत न्हाई.”

“मग आता ऐक.”

भट्टी पेटलेली, भाता चालू, मुशीत धातूचा रस होत आलेला... आणि गुरू-चेली एकमेकींच्या तोंडाला लागलेल्या. अंबूआक्का ओतारीण भिंतीला टेकून बसली होती, काठी मांडीवर आडवी. समोर हौसा उभी. मूठ घट्ट आवळलेली. मुठीत तिच्या आईचा चांदीचा तोडा.

वडगेवाडीच्या भैरोबाची घंटा चिरली होती. तिचेच तुकडे करून मुशीत घातले होते. त्याच रसातून नवी घंटा ओतायची होती. जुनी अंबूआक्काच्या वडिलांनी ओतलेली. नवी हौसा ओतणार होती. इतकी वर्षं आक्काच्या हाताखाली राबली, पण अख्खा ओत तिच्या हवाली आज पहिल्यांदाच. साचा तिने असा घातला होता की आक्कानेही नावं ठेवली नाहीत. आणि आक्काने नावं न ठेवणं म्हणजे दुसऱ्या कुणी पेढे वाटणं.

हौसाची मान त्यामुळे जरा ताठ झाली होती. होईना का! बाईच्या मानेला ताठ व्हायची संधी मिळते कितीदा?

“एवढ्याशा तोड्यानं काय हुतंय, आक्का?”

“तुझ्या एकटीचाच हाय व्हय? दाराबाहेर बघ.”

हौसाने वळून बघितलं. वडगेवाडीच्या बाया अंगणात बसल्या होत्या. कुणाच्या पदराआड वाळे, कुणाच्या हातात नातवाचा करदोडा. सगळ्यांचे डोळे हौसाच्या मुठीकडे.

“तू टाकलास की त्या टाकणार. मग कुणाला न्हाई म्हणशील?”

हौसाने मूठ पदराआड घेतली.

“तांबं मऊ,” आक्का म्हणाली. “कथील त्याहून मऊ, नखानं ओरखडतं. कांडी वाकवली तर रडक्या पोरासारखी कुरकुरतीया. पण दोघं एका मुशीत आले की कांसं हुतंय. टणक! त्याला गळा फुटतो. त्यात पाटीभर चांदी घाल, की गळा बसला. हे तुला मीच शिकवलं ना?”

“शिकवलंत. पण जुन्या घंटेत चांदी हुती!”

आक्काने मांडीवरची काठी चाचपली.

“अख्ख्या वाडीनं टाकलेली. माझ्या आईनं जोडीतला एक तोडा टाकला. मी तिचा पदर धरून हुते, मला आठवतंय. तरी ती घंटा नदीपल्याडच्या शिवारात ऐकू जायची. मग तवा तुमचं शास्त्र काय झोपलं हुतं?”

आक्काने नजर भट्टीकडे वळवली...

हौसाला थांबता येईना. “सांजच्याला आरती व्हायची. आई भाकरी थापत असायची. घंटा वाजली की हात थांबायचे तिचे. पीठ तसंच बोटांना. म्हणायची, ऐक, माझा तोडा बोलतोय. तव्यावरची भाकरी करपायची, आणि आम्ही दोघी ऐकत बसायचो.”

बोलता बोलता तिचा आवाज खाली आला.

“उरलेला तोडा तिनं पायातनं काढला न्हाई. एक पाय भरलेला, एक बोडका. बाया हसायच्या. गेल्या म्हैन्यात सरणावर ठेवताना मी काढून घेतला... त्याचा जोडीदार ह्या मुशीत हाय, आक्का. मला ह्यो त्याला भेटवायचाय. आईसाठी आता दुसरं काय करता येतंय मला?”

भाता मारणाराही थबकला. आक्काने काठी उगारल्यावर पुन्हा चालू झाला.

मग आक्का उठली. गुडघ्यांवर हात देत, कण्हत, भट्टीच्या मागच्या अंगाला गेली. तिथल्या लिंपणावर तिने काठीचं टोक मारलं. एकदा. दोनदा. मातीचा पोपडा खाली पडला. आत हात जाईल एवढं काळंकुट्ट भोक.

“हे काय?”

“मागलं तोंड. माझ्या वडलांनी, दादांनी ठेवलेलं. मूस पुढं असतीया. हितं खाली नुसते निखारे आणि राख.”

हौसाने वाकून आत बघितलं.

“लोक चांदी घेऊन आले की दादा म्हणायचे, देवाचं दान मागनं टाकायचं. आत लाल जाळ दिसायचा. लोक डोळे मिटून टाकायचे आणि हात जोडायचे.”

“आणि चांदी?”

“राखेत. भट्टी निवली की मी चाळायची. एवढीशी हुते तवापासनं, परकर वर खोचून बसायची; ह्या घंटेच्या वक्ताला पार बाई झालेली, तरी मीच चाळली. वितळून मणी झालेले असायचे, वाटाण्याएवढे. फुंकर मारली की असे लखलखायचे...” आक्काची बोटं हवेतच काहीतरी वेचत होती. “दादा हसायचे. म्हणायचे, अंबे, चिमणीवानी टिपतीस गं.”

असं हसू आक्काच्या तोंडावर हौसाने कधी बघितलं नव्हतं. ते तिला सोसवेना.

“काय केलंत त्या चांदीचं?”

“विकली. कथील आपल्या मुलखात निघत न्हाई. गलबतातनं यायचं, दर्यापल्याडनं. वाडीनं घरोघरचे हंडे देऊन तांबं जमवलं, पण कथलाला कुणाकडं काय हुतं? दादांनी आपल्या घरचं घातलं. वाडीची चांदी गेली आणि तिच्या पैशानं कथील परत घरात आलं.”

“चोरी केली!”

“म्हण.”

“वाडीला सांगितलंत?”

“न्हाई.”

“कधीच?”

“कधीच.”

मुशीवरचा जाळ हिरवा झाला होता. रस तयार होता, आणि तयार झालेला रस कुणाच्या भांडणासाठी थांबत नाही. बाहेरच्या बाया उठून दाराशी आल्या होत्या. हौसाने मूठ उघडली. तोड्याचे वळ तळहातावर उठले होते.

“म्हंजे जन्मभर माझी आई एक पाय बोडका घेऊन हिंडली,” ती म्हणाली, “बायांचं हसणं ऐकून घेतलं, भाकऱ्या करपवल्या... आणि तिचा तोडा त्या घंटेत नव्हताच?”

आक्काने मूस उचलायच्या चिमट्याचा एक दांडा उचलून तिच्या हातात दिला. दुसरा स्वतः धरला.

“आत गेला असता, तर बोलला नसता, पोरी.”