अमोसची धाव

फार वर्षांपूर्वीची गोष्ट आहे. किती वर्षांपूर्वीची म्हणाल, तर तेव्हा क्रिकेटची बॅट खालून वाकडी असायची, स्टंप दोनच असायचे आणि चेंडू हात खाली ठेवून जमिनीलगत टाकायचे. इंग्लंडात थॉर्नडीन नावाचं एक खेडं होतं. खेड्याला एक हिरवं कुरण होतं. एरवी तिथं मेंढ्या चरायच्या, आणि सामन्याच्या दिवशी मेंढ्यांना हाकलून माणसं खेळायची.

त्या गावात जोब टिकनर राहायचा. मेंढ्यांच्या वाड्यांसाठी फांद्यांचे कूड विणणं हा त्याचा धंदा. त्याच्या कुडांची आज कोणाला आठवण नाही, आठवण आहे ती त्याच्या चाकूची. कारण त्या काळी धावा कागदावर लिहीत नसत, काठीवर कोरत. एक धाव, एक खाच. दोन्ही संघांचा आपापला कोरणारा असायचा आणि शेवटी दोन्ही काठ्या जुळाव्या लागायच्या. धाव पुरी कधी झाली म्हणायची, तर पंचाच्या हातात एक दांडा असायचा, त्याला फलंदाजाची बॅट टेकली की झाली.

जोबची खाच कधी चुकत नाही, असं म्हणत. तो चाकूकडे बघायचाच नाही. डोळे मैदानावर, हात काठीवर. पावलांच्या आवाजावरून त्याच्या हाताला धाव कळायची. बॅट दांड्याला टेकायची त्याच क्षणी चाकू लाकडात शिरायचा. एकदा म्हणे धुकं इतकं दाटलं, की चेंडू टाकणाऱ्याला स्टंप दिसेनात, तरी जोबच्या काठीवर एक खाच कमी नाही की जास्त नाही. मला विचाराल तर तसल्या धुक्यात खेळत राहणारेच वेडे, पण लोक सांगतात तसं मी सांगतो.

नदीपलीकडे दुसरी काउंटी होती. काउंटी म्हणजे आपल्याकडचा जिल्हा समजा. तिकडच्या संघासाठी अमोस वेल नावाचा माणूस खाचा पाडायचा. तो मधमाश्या पाळायचा. दर उन्हाळ्यात दोन्ही काउंट्या एकमेकींशी खेळायच्या आणि हे दोघं मैदानाच्या कडेला एकाच बाकावर बसायचे, जोब डावीकडे, अमोस उजवीकडे. जोब पाव आणायचा, अमोस मध आणायचा. दर वसंतात जोब रानातून हेझलच्या झाडाची एक सरळ फांदी तोडायचा, तिचे दोन तुकडे करायचा आणि एक अमोसला द्यायचा. बावीस वर्षं दोघांच्या खाचा एकाच फांदीवर पडल्या. दोघांत कधी एका धावेचाही फरक आला नाही.

मग तो उन्हाळा आला. थॉर्नडीनकडच्या काउंटीचा संघ ज्या उमरावाच्या पदरी होता, त्यानं जाहीर केलं, की यंदा आपण जिंकलो तर पुढचे सगळे काउंटी सामने थॉर्नडीनच्या कुरणावर होतील. नाही जिंकलो, तर शहराजवळच्या नव्या मैदानावर. गावानं कुरणातला दगड न् दगड वेचला. जोबनं स्वतः गुडघ्यावर बसून खड्डे बुजवले. त्याचा त्या कुरणावर फार जीव होता.

सामना शेवटच्या जोडीपर्यंत आला. धावा बरोबरीत, आणि जिंकायला एकच हवी. थॉर्नडीनचा लूक, गाडीची चाकं बनवणारा सुतार, चेंडू टोलवून पळत सुटला. जोबच्या कानात त्याची पावलं वाजत होती. सात, आठ, नऊ, आता बॅट टेकणार. आणि हातानं खाच पाडली.

बॅट मात्र टेकली नव्हती. मेंढ्यांच्या लेंड्यांवरून लूकचा पाय घसरला, तो वीतभर अलीकडे आडवा झाला आणि तसाच घसरत पंचाच्या पायांवर जाऊन आदळला. तेवढ्यात चेंडू येऊन स्टंप उडाले. बावीस वर्षांत जोबचा हात पहिल्यांदाच डोळ्यांच्या पुढे गेला होता. आणि लाकडातून काढलेलं लाकूड परत बसवता येत नाही.

पंच म्हणाला, "दांडा हलला खरा. पण बॅटनं की माणसानं, देव जाणे. काठ्या आणा."

काठ्या शेजारी शेजारी ठेवल्या. जोबच्या काठीवर एक खाच जास्त होती.

अमोस म्हणाला, "धाव पुरी झाली नाही. मी बघितलंय."

उमरावानं जोबकडे बघितलं. सगळं गाव जोबकडे बघत होतं. जोबनं मान खाली घालून काठीवरून अंगठा फिरवला आणि म्हणाला, "खाच पडलीय, सरकार."

"खाच मलाही दिसतेय, जोब," अमोस हळूच म्हणाला. "धाव झाली का?"

नुसतं नाही म्हणायला किती वेळ लागतो? पण तोवर लोकांनी लूकला खांद्यावर घेतलं होतं, आणि जोब गप्प बसला तो बसलाच.

खरं वाईट पुढे झालं. जोबची खाच चुकत नाही हे नदीपलीकडचे लोकही मानत, म्हणून त्यांनी आपल्याच माणसाला खोटं ठरवलं. अमोसची नजर गेली म्हणाले, तो डुलक्या घेत असेल म्हणाले, आणि त्याच्याकडून काठी काढून घेतली. तो पुन्हा त्या बाकावर बसला नाही.

काउंटीचे सामने थॉर्नडीनला आले. गाड्या आल्या, तंबू लागले. पण तेव्हापासून जोबच्या काठीवर शेवटी एक खाच जास्तच निघायची, असं म्हणतात. काठी बदलली, चाकू बदलला, डोळे फाडून खाचेकडे बघत बसला, तरी एक जास्तच. अमोसच्या जागी आलेला नवा शेजारी दर वेळी म्हणायचा, "माझंच चुकलं असेल," आणि आपल्या काठीवर एक खाच वाढवायचा. ते ऐकून जोब हातातला पाव खाली ठेवायचा.

तीन उन्हाळे त्यानं असे काढले. चौथ्या वसंतात त्यानं फांदी तोडली, तिचे दोन तुकडे केले आणि दोन दिवस चालत नदीपलीकडे अमोसच्या दारात गेला. दार अमोसच्या मुलीनं, मार्थानं उघडलं. अमोस हिवाळ्यातच गेला होता.

तिनं जोबच्या हातातल्या दोन काठ्या बघितल्या आणि म्हणाली, "बाबा सांगायचे, खाच आधी पडली, जोब मागाहून येईल. शेवटपर्यंत तुमची मधाची बरणी त्यांनी वेगळी ठेवली होती."

म्हणजे अमोसला सगळं कळलं होतं. हात चुकला हेही, आणि तोंड उघडलं नाही हेही. तरी तो वाट बघत होता. मला तर वाटतं, त्यानं दोन शिव्या घातल्या असत्या तर जोबला सोपं गेलं असतं.

पुढच्या सामन्याला जोब मैदानाच्या मधोमध उभा राहिला आणि ती धाव झालीच नव्हती, असं सगळ्यांसमोर बोलला. उमराव त्याच दिवशी तंबू उचलून गेला आणि काउंटीचे सामने कायमचे शहराकडे गेले. गावानं वर्षभर जोबशी बोलणं टाकलं. त्यानं ती जुनी काठी, त्या पहिल्या जास्तीच्या खाचेची, बाकाच्या उजव्या टोकाशी जमिनीत रोवली. तीन वर्षं सुकलेलं ते लाकूड, पण त्याला पालवी फुटली, असं म्हणतात. झाड वाढलं तशा बाकीच्या खाचा सालीखाली भरून आल्या. एक तेवढी भरली नाही. आता तिच्यात मूठ मावते.

झाड आहे, बाक आहे, कुरणही आहे. सामने होतात ते खेड्याखेड्यांचे. आता धावा वहीत लिहितात. पण लिहिणारी व्यक्ती बाकावर डावीकडेच बसते आणि उजवी बाजू रिकामी ठेवते. थॉर्नडीनच्या फलंदाजानं पहिली धाव काढली की पेन्सिल थांबते, खेळही थांबतो. लिहिणारी व्यक्ती रिकाम्या जागेकडे वळून विचारते, "अमोस, धाव झाली का?"

मग सगळे थोडा वेळ वाट बघतात. उत्तर येत नाही, म्हणून ती धाव लिहीत नाहीत. त्या एका धावेपायी गाव कितीतरी सामने हरलं आहे. मागे एकदा पाहुण्यांचा कप्तान म्हणाला, "जाऊ द्या हो, धरा ती, आमची हरकत नाही."

वही लिहिणाऱ्या म्हातारीनं त्याला बाकावरचा मध-पाव दिला आणि म्हणाली, "हरकत तुम्हाला नाही विचारली, बाळा." मग ती पुन्हा उजवीकडे वळून बसली.