उजव्या कुशीचे घाव

पूर्वी, काशाच्या शस्त्रांना लोखंडाने अजून हटवले नव्हते आणि देवांना रणांगणात उतरण्याची लाज वाटत नव्हती, त्या युगात पश्चिम समुद्राच्या खडकाळ तीरावर यवनांची एरीमा नावाची नगरी होती. या नगरीला राजा नव्हता. शस्त्र पेलू शकणारे सर्व पुरुष वर्षातून एकदा सभास्थानी जमत, हात वर करून सेनापती निवडत आणि मग वर्षभर त्याच्याच नावाने बोटे मोडत. महापराक्रमी कालेनोर असा लागोपाठ पाच वर्षे निवडून आला होता. दरवर्षी लोकांच्या विनवण्या करून तो वीर पुरता विटला होता, आणि आपल्या मस्तकी मुकुट असावा या वासनेने त्याच्या मनात घर केले होते.

यवनांची युद्धरीती अशी की वीर खांद्याला खांदा भिडवून ओळीने उभे राहत. डाव्या हातातली विशाल गोल ढाल अर्धी स्वतःला झाकी आणि अर्धी डावीकडच्या सोबत्याची उघडी उजवी कूस झाकी. म्हणजे प्रत्येकाचा प्राण उजवीकडच्या माणसाच्या हाती! केवळ उजव्या टोकाला उभ्या असणाऱ्या सेनापतीची कूस झाकायला कोणी नसे. ती जागा मानाची आणि मरणाचीही. कालेनोरचा पिता त्याच जागी, बरगड्यांत भाला घुसून पडला होता.

त्याची माता थेओक्लेया ही नगरीच्या अखंड अग्नीची पुजारीण. पती आणि दोन पुत्र तिने रणात गमावले होते. उरले होते कालेनोर आणि धाकटा निकान्द्रोस. धाकट्याला तिने हट्टाने थोरल्याच्या डाव्या हाताला उभे करवले. ती म्हणाली, "कालेनोर, या पृथ्वीवर तुझ्या ढालीहून सुरक्षित छप्पर मला ठाऊक नाही. निकान्द्रोसला मी त्याखाली ठेवते आहे. तो मला परत हवा!"

"माते, माझा हात खांद्यापासून तुटेल तेव्हाच ती ढाल हलेल," कालेनोरने वचन दिले, आणि देताना ते खरेच होते.

पुढे त्याच वर्षी पेलासा नगरीचा क्रूर अधिपती ड्रायास सात हजार भाल्यांनिशी एरीमेवर चालून आला. वाटेतली गावे जाळीत, पळणाऱ्यांना कंठस्नान घालीत तो येत असल्याचे ऐकून भल्याभल्यांचे धाबे दणाणले. कालेनोरही भ्याला. आपली उघडी कूस त्याला जळत्या निखाऱ्यासारखी जाणवू लागली. तेव्हा रणदेव आरीसाच्या देवदार वनात जाऊन त्याने उग्र अनुष्ठान मांडले. बारा दिवस तो निराहार राहिला, आणि रोज आपला दंड चिरून उष्ण रक्ताची आहुती अग्नीत देत राहिला. तेराव्या दिवशी भर मध्यान्ही वृक्ष थरारले आणि ताम्रकवचधारी, रक्तलोचन आरीस ज्वाळांतून प्रकट झाला.

"वीरा, तुझे रक्त मला गोड लागले. वर माग!"

"देवा, मानवाने घडवलेले कोणतेही शस्त्र माझ्या देहाला न शिवो!"

"आणि तुझ्या डाव्या हाताच्या माणसासाठी?"

"त्याला माझी ढाल आहे."

देव मोठ्याने हसला. "ज्याला स्वतःला ढाल लागत नाही, तो दुसऱ्यासाठी तिचे ओझे किती काळ वाहतो, ते पाहू. तथास्तु!" देवांना माणसे बरी कळतात, फक्त ते वेळेवर सांगत नाहीत.

दुसऱ्याच दिवशी सूर्य माथ्यावर असता दोन्ही सेना भिडल्या. ढालींवर ढाली आदळून आकाश दुमदुमले. भाल्यांची पाती कंठांत, डोळ्यांत, जांघांत घुसू लागली. पडलेल्यांच्या आतड्यांवरून मागचे पुढे रेटत होते. कालेनोरवर तीन भाले एकदम आले आणि त्वचेवरून घसरून बोथट झाले. वर खरा होता! त्या क्षणी त्याच्या अंगात असा उन्माद भरला की पित्याचे मरण, मातेला दिलेले वचन, सारे विसरून त्याने ती जड ढाल भिरकावून दिली, दोन्ही हातांत खड्ग घेतले आणि ओळ सोडून ड्रायासच्या रोखाने धावला.

"दादा! ओळ सोडू नकोस! दादा, ढाल!" निकान्द्रोस मागून ओरडला.

कालेनोरला ते ऐकू गेले. एवढे शीर घेतो आणि फिरतो, असे त्याने मनाशी म्हटले. कवट्या फोडीत, हात तोडीत, गुडघ्यापर्यंत रक्ताने माखून तो ड्रायासपाशी पोचला आणि एका घावात त्याचे मस्तक उडवले. नायक पडताच पेलासाच्या सेनेने पायाला पाय लावून पळ काढला. केस धरून ते मस्तक उंचावत कालेनोर फिरला, तेव्हा ओळीच्या उजव्या टोकाला उभे असे कोणीच उरले नव्हते.

एरीमेत जयघोष झाला. सभेने एकमुखाने त्याला राजा करायचे ठरवले. अखंड अग्नीपुढे पुजारिणीनेच मुकुट चढवावा, म्हणून लोक मुकुट घेऊन थेओक्लेयाकडे गेले. अग्नीजवळच रणातून आणलेली प्रेते ओळीने ठेवली होती, आणि ती निकान्द्रोसचे प्रेत धूत बसली होती.

"माते, तो सिंहासारखा लढला," कालेनोर म्हणाला. "मी शेवटपर्यंत त्याच्या शेजारी होतो."

तिने निकान्द्रोसचे प्रेत वळवून पाहिले. डाव्या अंगावर साधा ओरखडाही नव्हता. काखेपासून कमरेपर्यंत सात घाव होते, सातही उजव्या कुशीत. ती उठली. पलीकडच्या प्रेतावरचे वस्त्र तिने दूर केले, मग त्याच्या पलीकडच्या, मग आणखी एकाच्या. सेनापतीच्या डावीकडचे चाळीस वीर ओळीने मेले होते, आणि प्रत्येकाची उजवी कूस फाटली होती. जमलेले सारे योद्धेच होते. कोणाला काही सांगावे लागले नाही.

मुकुट तिने अग्नीत टाकला. ती म्हणाली, "कालेनोर! तीस वर्षांच्या अग्निसेवेचे पुण्य पणाला लावून मी बोलते. तुला शस्त्र शिवणार नाही? न शिवो! आणि माणसाचा खांदाही न शिवो! मरण मागशील, तेही मिळणार नाही. आणि तू जी ढाल टाकलीस, तिच्यावरचा यवनांचा विश्वास पुन्हा कधी पूर्ण बसणार नाही!"

"माते, मला मार!" म्हणत कालेनोर तिच्या पायांशी कोसळला. तिने पाय मागे घेतले.

तेव्हापासून एरीमेने राजाचे नाव काढले नाही. कालेनोर प्रत्येक युद्धात येऊन ओळीत जागा मागे. योद्धे मुकाट्याने सरकून त्याच्या दोन्ही बाजू मोकळ्या करीत. तो अजूनही मागतच हिंडतो, असे म्हणतात. आणि यवनांची कोणतीही सेना रणात चालू लागली की नकळत उजवीकडे सरकते. सेनापती ओळ सरळ ठेवा म्हणून कंठशोष करतात, पण ऐकतो कोण? शेजारच्याची ढाल जागेवर आहे ना, हे प्रत्येकाला आपल्या कुशीने चाचपून पाहायचे असते.